ओकवरची गुनोरा

ईस्टरच्या आधीच्या, झावळ्यांच्या रविवारच्या आदल्या दिवशी सकाळी थर्स्टन दारात बसून पिंपाच्या फळ्या तासत होता. तेवढ्यात नदीपलीकडून त्याच्या मेव्हणीची, सॅबिनची, बैलगाडी आली. एरवी ती गाडी थांबायच्या आधीच बोलायला लागायची. आज गाडी थांबली तरी ती जागची हलली नाही.

"दाजी, ताईला आणलंय," ती म्हणाली.

गाडीत घोंगडीखाली गुनोरा होती. आठ दिवसांपूर्वी ती बहिणीकडे बिअर गाळायला म्हणून गेली होती. तीन दिवस ताप आला आणि काल संध्याकाळी ती गेली.

"पण ती सोमवारी येणार होती," थर्स्टन म्हणाला. त्याला दुसरं काही सुचलं नाही. मग त्याने रंधा खाली ठेवला, कपड्यांवरचा भुसा झटकला आणि घंटा वाजवायला सांगावं म्हणून चर्चकडे निघाला.

चर्चच्या दारात फादर हॅमो काटेरी झुडपं रचत होते. दोन्ही हात रक्ताळले होते आणि तोंडाने ते असं काही बोलत होते की पाद्र्याच्या तोंडी शोभू नये.

"फादर, घंटा वाजवा. गुनोरा गेली."

हॅमो पायरीवर बसले. गुनोराच्या हातची बिअर त्यांनी बावीस वर्षं प्यायली होती, आणि बावीस वर्षं तिच्या शिव्याही खाल्ल्या होत्या.

"अरे देवा," ते म्हणाले. "आणि तिला आजचाच दिवस सापडला?"

"आज नाही. काल गेली."

"मग काल का नाही आणलीस? काल मी तिला स्तोत्रं गाऊन, घंटा वाजवून पुरली असती. आज सकाळी बिशपचं पत्र आलं. चर्च बंद. घंटा बंद. लग्नं बंद. सगळ्या इंग्लंडमध्ये."

"का?"

"राजा म्हणतो, आर्चबिशप मी नेमणार. पोप म्हणतो, मी नेमलाय. राजा म्हणतो, तुझा माणूस माझ्या किनाऱ्यावर उतरू दे, मग बघतो. तेव्हा पोपने कुलूप लावलं."

"कुणाला? राजाला?"

"नाही रे. आपल्याला."

थर्स्टनने थोडा विचार केला. "म्हणजे भांडायचं त्यांनी आणि इथे आम्ही मरायचंही नाही?"

"मरायला परवानगी आहे. मरणाऱ्याची पापकबुली घेता येते. तान्ह्या पोराला बाप्तिस्मा देता येतो. पुरता मात्र येत नाही."

चर्चच्या दक्षिणेच्या भिंतीशी थर्स्टनची मुलगी पुरलेली होती. चार वर्षांची होऊन गेली होती. गुनोरा दर उन्हाळ्यात तिथली खाजकुयली उपटायची आणि उपटता उपटता नवऱ्याला बजावायची, "माझी जागा हिच्या उजवीकडे. तुम्ही आधी गेलात तर डावीकडे सरका, माझ्या जागेत पसरू नका." आयुष्यात तिने त्याच्याकडे फार काही मागितलं नव्हतं. म्हणजे, मागायची वेळच येत नसे, कारण हवं ते ती स्वतःच करून टाकायची. ही एक गोष्ट मात्र तिला स्वतःला करता येण्यासारखी नव्हती.

"मग पुरायची कुठे?"

"लोक चव्हाट्यापलीकडच्या चरात पुरणार म्हणतात," हॅमो खाली बघत म्हणाले.

"फाशी दिलेल्या चोरांना टाकतात तिथे?"

"तिथेच."

"तिथे डुकरं उकरतात."

थर्स्टन त्यांच्या शेजारी पायरीवर बसला. मग म्हणाला, "पत्रात काय लिहिलंय ते नीट वाचा."

"मी सांगितलं ना."

"तुम्ही तुमचं सांगितलंत. त्यांचं वाचा."

हॅमोंनी पत्र काढलं, डोळ्यांजवळ धरलं आणि एकेक शब्द उलगडून सांगितला. पवित्र केलेल्या मातीत कोणतंही प्रेत पुरू नये.

"मातीत?"

"मातीत."

"आवारात आणायला बंदी आहे का?"

"तसं काही लिहिलेलं नाही."

थर्स्टनने मान वर केली. आवाराच्या मधोमध म्हातारा ओक होता. त्याची एक जाड फांदी दक्षिणेच्या भिंतीकडे गेली होती. हॅमोंनी त्याच्या नजरेमागे नजर नेली आणि ते उठून उभेच राहिले.

"नाही. थर्स्टन, नाही."

"मी काही बोललो का?"

"न बोलताच तू जास्त वात्रट असतोस."

तो घरी आला आणि कामाला लागला. बिअरच्या पिंपासाठी दोन वर्षं वाळवलेल्या ओकच्या फळ्या होत्या, त्यातल्या सगळ्यात सरळ त्याने निवडल्या. लांब फळ्या, अरुंद पोट, लोखंडी कड्या. सांध्यांत लव्हाळा, आतून डांबर. त्याच्या पिंपातून कधी थेंब गळला नव्हता आणि यातून तर गळताच कामा नये. दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत पिंप तयार झालं. मग तो मिठाचं पोतं घेऊन आला.

"दाजी," सॅबिन म्हणाली, "माझी बहीण काय हेरिंग मासा आहे?"

"मीठ नको तर काय घालू?"

"माझं म्हणणं मीठ घालू नका असं नाही. जाडं घालता की बारीक, ते विचारतेय. तिला बारीकच आवडायचं."

दोघं एकदम हसली. मग सॅबिन रडली. थर्स्टन जाऊन बारीक मीठ घेऊन आला.

गिरणीवाल्याने आणि त्याच्या भावाने दोरखंड धरले. पिंप आडवं करून फांदीला बांधलं, दोन पुरुष उंचीवर. फादर हॅमो तिथे नव्हतेच, असं त्यांनी पुढे सगळ्यांना सांगितलं. ते भिंतीकडे तोंड करून उभे होते आणि स्वतःशीच लॅटिनमध्ये काहीतरी पुटपुटत होते, आणि माणसाने स्वतःशी काय पुटपुटावं यावर पोपची बंदी नव्हती.

गावाने आठ दिवस तोंडात बोटं घातली आणि नवव्या दिवशी थट्टा सुरू केली. गिरणीवाला म्हणायचा, "आयुष्यभर ही बाई वरून बघायची आपल्याला. आता काय, खरोखरच वर जाऊन बसली." बायका झाडाखालून जाताना आवाज खाली आणायच्या, कारण गुनोराला दुसऱ्याच्या बोलण्यात चुका काढायची सवय होती. थर्स्टन रोज सकाळी एक चक्कर मारायचा, कड्या तपासायचा आणि गावातल्या बातम्या सांगायचा. तिच्याकडून काही उत्तर येत नसे. पण आयुष्यभर बोलायचं ती आणि ऐकायचं तो, त्यामुळे आता ती बोलत नाही याचं त्याला अजून कोडं वाटत होतं.

इकडे राजाने आपला डाव टाकला. पोपचं ऐकून ज्या पाद्र्यांनी चर्चं बंद केली, त्यांची कोठारं जप्त. तेवढ्याने भागलं नाही म्हणून त्यांच्या घरात राहणाऱ्या बायकाही उचलल्या, कारण पाद्री आपली बाई सोडवायला मुकाट्याने पैसे मोजेल हे राजाला ठाऊक होतं. हॅमोंच्या घरची लेविना तीन दिवस कैदेत राहून आली आणि तिने येताच विचारलं, "माझे एवढेच दिलेत? शेजारच्या गावच्या पाद्र्याने दीडपट दिले."

कोठारांची मोजदाद करायला राजाचा कारभारी फुल्क जूनमध्ये गावात आला. चार माणसं, दोन घोडे आणि मोठा आवाज. त्याने कोठार मोजलं, कोंबड्या मोजल्या, आणि आवारात येऊन वर बघितलं.

"हे काय आहे?"

"माझी बायको," थर्स्टन म्हणाला.

फुल्कने त्याला दुसऱ्यांदा सांगायला लावलं. नेमकं त्याच वेळी मठाधिपतीने पाठवलेला ब्रदर विव्हियन खेचरावरून फाटकात शिरला. ही पिंपाची गोष्ट मठापर्यंत पोचली होती. विव्हियन बारीक अंगाचा, थंड आवाजाचा माणूस होता.

"खाली उतरवा हे," विव्हियन म्हणाला.

"मी तेच म्हणणार होतो," फुल्क म्हणाला. आणि राजाचा माणूस व पोपचा माणूस एकाच गोष्टीवर सहमत झालेत हे लक्षात येताच दोघांनाही ते आवडलं नाही.

"उतरवून आवाराबाहेर न्या," विव्हियनने घाईने पुस्ती जोडली.

"उतरवून इथेच पुरा," फुल्क म्हणाला. "राजाच्या राज्यात कुणाला पुरायचं हे रोमहून ठरत नाही."

"इथली माती पवित्र आहे."

"इथली माती जप्त आहे. मीच केली, सकाळी. झाडासकट." फुल्क थर्स्टनकडे वळला. "काय रे, कुठे पुरायची होती तुला?"

थर्स्टनने बोट दाखवलं. भिंतीशी, मुलीच्या उजवीकडे.

"माझी चार माणसं आहेत, फावडी आहेत. जेवणाच्या आत खड्डा होईल. बोल."

थर्स्टनने वर पिंपाकडे बघितलं. तीन महिने तो झाडाखाली येत होता, आणि हा मनुष्य खड्ड्याचं असं सांगत होता, जसं कुणी गवताची गंजी रचून देतो म्हणावं. फावडं हातात घेतलेला एक जण भिंतीकडे चालायलाही लागला.

"पुरा," विव्हियन शांतपणे म्हणाला. "खुशाल पुरा. हे भांडण एक दिवस मिटेल. मिटलं की आम्ही पहिलं काम काय करू माहीत आहे? बंदीत पुरलेलं प्रत्येक प्रेत उकरू आणि रस्त्यावर टाकू. आणि हा पाद्री उद्यापासून पाद्री राहणार नाही."

फादर हॅमो एवढा वेळ काटेरी झुडपांमागे उभे होते. ते म्हणाले, "मला आत्ताच फार ताप भरलाय," आणि खाली बसले.

थर्स्टन फुल्ककडे वळला. "सरकार, एक विचारू का? या भांडणात राजा जिंकेल ना?"

"राजा आहे तो."

"ते दिसतंय. जिंकेल का?"

"का नाही जिंकणार?"

"मग तुम्ही तसं लिहून द्या. की गुनोराला कुणी कधी उकरणार नाही. खाली राजाचा शिक्का."

फुल्कने नाक खाजवलं. शिक्का त्याच्याकडे नव्हता, आणि असता तरी असल्या गोष्टीवर त्याने तो उमटवला नसता. बंदी लागल्यावर त्याने स्वतःच्या भावालाही पोपला भिऊन चरातच पुरलं होतं, हे त्याच्या माणसांना माहीत होतं. त्यांनी एकमेकांकडे बघितलं.

मग थर्स्टन विव्हियनकडे वळला. "ब्रदर, पोप जिंकेल?"

"देव जिंकेल."

"कधी?"

विव्हियन खेचराची मान थोपटत राहिला.

फावडेवाला भिंतीशी थांबून मागे बघत होता. थर्स्टनला ती जागा दिसत होती, खाजकुयली पुन्हा वाढलेली. एक शब्द बोलला असता तर संध्याकाळपर्यंत ती तिथे असती. आणि मग तो रोज दाराशी बसून वाट बघत बसला असता, की रस्त्यावरून येणारं खेचर तिला उकरायला तर येत नाही ना. ती एकदा मातीत गेली की तिथेच राहायला हवी. तिला एका जागेवरून दुसऱ्या जागी हलवलेलं कधीच आवडायचं नाही. सणाला बाक हलवला तरी ती चिडायची.

"नको," तो म्हणाला. "राहू द्या वरच."

"वेडा आहेस का?" फुल्क ओरडला. "राजा तुझ्या बायकोला जागा देतोय!"

"राजा देतोय, ते पोप काढून घेईल. पोप देईल, ते राजा जप्त करेल. तुम्हा दोघांचं ठरलं की सांगा. तोवर तिला फांदी पुरते."

"बाहेर काढा तिला," विव्हियन म्हणाला.

"या झाडाला हात लावायचा नाही!" फुल्क गरजला. "हे राजाचं लाकूड आहे. राजाच्या हुकुमाशिवाय एक दोरी सुटली तर बघा."

"आणि मठाधिपतींच्या आज्ञेशिवाय ती जमिनीला टेकली तर बघा," विव्हियन म्हणाला.

"मग झालं की," थर्स्टन म्हणाला. "दोघांचं जमलं."

दोघं आपापल्या दिशेने गेले. त्या दिवसापासून गुनोराला राजाचंही संरक्षण होतं आणि पोपचंही. गिरणीवाला म्हणाला की इंग्लंडमध्ये एवढा मान सध्या दुसऱ्या कुणाला नाही, आर्चबिशपलाही नाही.

पुढे चव्हाट्यापलीकडच्या चरात माणसं देणं लोकांच्या जिवावर यायला लागलं. गिरणीवाल्याची आई गेली तेव्हा तो दाराशी आला, टोपी हातात घेऊन, एकही थट्टा न करता. थर्स्टनने तिच्यासाठी पिंप केलं. मग लोहाराच्या सासऱ्यासाठी. पाच वर्षांत ओकवर अकरा पिंपं झाली, आणि जोराचा वारा सुटला की ती एकमेकांना हलकेच लागत. थर्स्टन दर वसंतात शिडी लावून सगळ्यांच्या कड्या घट्ट करतो. गुनोराची सगळ्यात शेवटी करतो, कारण तिच्याशी बोलण्यात वेळ जातो.

यंदा बातमी आली की राजाने पोपपुढे गुडघे टेकले आणि पोपचा आर्चबिशप देशात उतरला. लेविनाने चर्चच्या दारातली झुडपं काढायला घेतली होती, पण फादर हॅमोंनी तिला थांबवलं. गुडघे टेकून झाले असले तरी कोणी कोणाला काय परत द्यायचं यावर अजून घोळ चालू आहे म्हणे, आणि तो मिटेपर्यंत कुलूप तसंच राहणार आहे.

सॅबिन परवा येऊन गेली. तिने विचारलं, "दाजी, मग ताईचं कधी?" थर्स्टनने सांगितलं की बिशपचं पत्र आल्यावर. दक्षिणेच्या भिंतीशी, मुलीच्या उजवीकडे, खाजकुयली त्याने उपटून ठेवली आहे. पत्र अजून आलेलं नाही. गुनोराला पुरायचं राहिलं आहे.