भैरवगडचा थांबा

अपर्णाला गाईडचं काम मिळालं ते तिच्या मराठीमुळे. पंच्याण्णव सालच्या हिवाळ्यात उज्जैनच्या माधव नगरमध्ये, एका एसटीडी बूथच्या वरच्या मजल्यावर, सौरभने ट्रॅव्हल्सचं ऑफिस उघडलं. पुण्या-नाशकाचे लोक आता खासगी लक्झरी बसने यायला लागले होते आणि त्यांना मराठीतून उज्जैन दाखवणारं कुणीतरी त्याला हवं होतं. अपर्णा सव्वीस वर्षांची, इतिहासात एम. ए. केलेली, एका प्रायव्हेट शाळेत अर्धवेळ शिकवणारी. तिचे पूर्वज शिंद्यांच्या दप्तरात नोकरीला म्हणून इकडे आले ते इथलेच झाले होते.

"चार तासांची टूर बसव," सौरभ म्हणाला. "मंदिरं तर सगळेच दाखवतात. तू काही हटके कर."

अपर्णाने मनापासून बसवली. महाकाल, हरसिद्धी, गोपाळ मंदिर, मग बोहरी मुसलमानांचा संगमरवरी रोजा म्हणजे मकबरा, जंतरमंतर आणि शेवटी भैरवगडला यासीन चाचांचा कापड छापायचा कारखाना. एवढ्याशा गावात किती तऱ्हेची माणसं भिंतीला भिंत लावून राहतात हे पाहुण्यांना दिसावं, असं तिला वाटत होतं. पत्रकात तिने तसं लिहिलंही.

यासीन चाचा जातीने छिपा, म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या कापडावर ठसे उमटवणारे. एम. ए.च्या प्रबंधासाठी अपर्णा दोन वर्षं त्यांच्याकडे जात होती. लाकडी ठशांची नावं, मेण किती तापलं म्हणजे कापडावर धरतं, आधी कुठला रंग आणि मागून कुठला, हे सगळं त्यांनी हातातलं काम थांबवून तिला सांगितलं होतं. त्यांची बायको हाजरा चाची तिला जेवल्याशिवाय सोडायच्या नाहीत. प्रबंधाला पहिला वर्ग मिळाला तेव्हा अपर्णा पेढे घेऊन आधी भैरवगडला गेली, कॉलेजात नंतर.

पहिल्या टूरच्या चार दिवस आधी ती चाचांना सांगायला गेली. "चाचा, इतवार को अठारह लोग लाऊँगी. पूना के हैं. ग्यारह बजे तक आ जाएँगे."

"अठारह!" चाचा ठसा खाली ठेवून उठलेच. "ले आ बेटा. सुबह से मेण गरम रखूँगा. उन्हीं के हाथ से छपवाऊँगा."

'मेण' हा शब्द त्यांनी तिच्याकडूनच उचलला होता.

रविवारी सकाळी सातला बस देवास गेटहून निघाली. पुण्यातल्या एका सोसायटीतली मंडळी होती, बहुतेक पन्नाशीच्या पुढची. त्यांच्या पुढारी रजनीताई. हसऱ्या, नीटनेटक्या, सगळ्यांच्या गोळ्या-औषधांची आठवण ठेवणाऱ्या. अपर्णा माईक घेऊन उभी राहिली आणि म्हणाली, "आज गर्दी जास्त आहे, म्हणून महाकालला आपल्याला लाईन लागून जाईल."

बसमध्ये हशा पिकला.

"लाईन लागून जाईल! किती गोड," रजनीताई म्हणाल्या. "तुमचं मराठी अगदी हिंदीच्या चालीवर आहे हो."

त्यांच्या बोलण्यात खोच नव्हती, तरी अपर्णाचे कान तापले. पुढे प्रत्येक वाक्य ती मनात एकदा तपासून बोलू लागली. हरसिद्धीला 'दीपमाळ' म्हणाली, 'दीपस्तंभ' नाही. कुणी हसलं नाही तर तेवढंच बरं वाटायचं.

गोपाळ मंदिरात मात्र बाजू पालटली. हे मंदिर बायजाबाई शिंद्यांनी बांधलं, हे ऐकूनच मंडळी सरसावली. मग तिने गाभाऱ्याच्या चांदीच्या दरवाजांची गोष्ट सांगितली. ते दरवाजे सोमनाथहून लुटून नेलेले आणि महादजींनी परत आणलेले, अशी आख्यायिका आहे. एरवी ती "असं म्हणतात, पुरावा नाही" हे आवर्जून सांगायची. त्या दिवशी पुरावा नसल्याचं तिने सांगितलं नाही. चष्मेवाले एक काका टाळ्या वाजवू लागले, बाकीच्यांनीही वाजवल्या.

"शाब्बास," ते म्हणाले. "पोरगी आपली आहे."

अपर्णाला ते फार आवडलं. सकाळपासून तिला तेच हवं होतं.

बस रोजापाशी आली तेव्हा काकांनी खिडकीतून पाहून विचारलं, "इथे कशाला उतरायचं?" कुणी जागचं हललं नाही. ड्रायव्हरने आरशातून अपर्णाकडे पाहिलं. "चला, वेळ वाचेल," ती म्हणाली आणि बस पुढे गेली.

जंतरमंतर झाल्यावर रजनीताईंनी पत्रक चाळलं. "हे भैरवगडला काय आहे?"

"तिथे कापड छापतात. हाताने, ठशांनी."

"कोण छापतात?"

"छिपा लोक."

"म्हणजे मुसलमान ना?" रजनीताईंनी अगदी साधेपणाने विचारलं. "नाही, तसं काही नाही. पण आमच्यातल्या काहींचा आज उपास आहे, त्यांच्या घरात बसायचं, चहापाणी... त्यांनाही वाईट वाटतं नाही म्हटलं की. त्यापेक्षा तो दारू पिणारा कालभैरव तिकडेच आहे ना? तो बघू की."

अपर्णाला एवढंच म्हणायचं होतं, की ते माझ्या ओळखीचे आहेत, आपली वाट बघत आहेत, अर्धा तास जाऊ. वाक्य तयार होतं. पण सगळे तिच्याकडे बघत होते आणि मघाच्या टाळ्या अजून तिच्या कानात होत्या.

"चालेल," ती म्हणाली. तेवढ्यावर ती थांबली असती तरी पुष्कळ होतं. पण ती हसून पुढे म्हणाली, "तसंही तिथे बघण्यासारखं काही नाही. घाण असते सगळी, रंगाचा वास तर असा, की नाक धरावं लागतं."

"बघा!" काका म्हणाले.

कालभैरवाकडे जाणारा रस्ता भैरवगडच्या त्याच नाक्यावरून जातो. ते अपर्णाला माहीत होतं आणि तरी तिने त्याचा विचार केला नव्हता. नाका आला तेव्हा चाचा रस्त्याच्या कडेला उभे दिसले. पांढरा कडक इस्त्रीचा कुर्ता, डोक्यावर ईदची टोपी. गल्ली अरुंद, बसला वळण सापडावं म्हणून ते स्वतः येऊन थांबले होते. बस बघून त्यांनी हात वर केला आणि गल्लीकडे इशारा केला.

अपर्णाने खिडकीचा पडदा ओढून घेतला.

बस सरळ गेली. कालभैरवापाशी देव बशीतली दारू कसा पितो हे मंडळींनी पुनःपुन्हा पाहिलं, परतताना बसमध्ये त्याशिवाय दुसरा विषय नव्हता. रजनीताईंनी निघताना अपर्णाला कुंकू लावलं आणि पुण्याला आलीस की घरी ये, म्हणून पत्ता दिला.

दोन दिवस ती भैरवगडला गेली नाही. तिसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर गेली. टेम्पोत बसूनच तिने काय सांगायचं ते ठरवलं होतं.

"चाचा, माफ़ करना. उस दिन बस ख़राब हो गई. जंतरमंतर के पास ही. फिर उन लोगों की गाड़ी का टाइम हो गया."

चाचा कापडावर ठसा मारत होते. त्यांनी तो नीट उचलून पाण्यात ठेवला. "हाँ, मैंने हाजरा से यही कहा. मशीन का क्या भरोसा. तू परेशान मत हो."

हाजरा चाची चहा घेऊन आल्या. त्यांच्या मागे, मोरीजवळ, थंड पेयाच्या बाटल्यांचा क्रेट होता. सगळ्या भरलेल्या, झाकणं न काढलेल्या.

"यह किसलिए, चाची?"

"तुम्हारे मेहमानों के लिए मँगाई थी," चाची म्हणाल्या. "हमने सोचा, ब्राह्मण लोग होंगे, हमारे घर का पानी शायद न पिएँ. बंद बोतल में तो किसी को एतराज़ नहीं होता."

अपर्णाने चहा तसाच खाली ठेवला. शाळेचे पेपर तपासायचे आहेत असं काहीतरी सांगून ती उठली.

घरी तिचे बाबा, विष्णुपंत, अंगणात वर्तमानपत्र वाचत होते. रेल्वेतून निवृत्त झाल्यापासून ते सगळा पेपर जाहिरातींसकट वाचायचे. अपर्णा त्यांच्या शेजारी पायरीवर बसली आणि तिने सगळं सांगितलं. पडद्याचंही सांगितलं.

बाबांनी पेपराची घडी घातली. "आणि वरून बस बिघडली म्हणालीस."

"हो."

"उद्या जा आणि खरं काय ते सांग."

"सांगून काय होणार, बाबा? आत्ता त्यांना वाटतंय बस बिघडली. खरं कळलं तर उलटं जास्त लागेल त्यांना. मला हलकं वाटावं म्हणून त्यांना कशाला दुखवू?"

"हे तू त्यांच्यासाठी म्हणतेयस की तुझ्यासाठी, ते मला सांगता येणार नाही," बाबा म्हणाले. "पण त्या घरात तुला पुन्हा जेवता येईल का, एवढं बघ."

दुसऱ्या दिवशी ती शाळेला सुट्टी टाकून सकाळीच गेली. चाचा ओट्यावर नवा ठसा तेलाने पुसत बसले होते. ती बसली नाही. उभ्यानेच म्हणाली, "चाचा, बस ख़राब नहीं हुई थी."

"मालूम है."

अपर्णा बघतच राहिली.

"पर्दा तूने खींचा था," चाचा म्हणाले. "खिड़की में तू बैठी थी, मैंने देखा. फिर मैं थोड़ी देर वहीं खड़ा रहा, कि शायद आगे से मोड़कर लाएँगे."

"तो कल आपने कहा क्यों नहीं?"

"तू मेरे घर में बैठकर कह रही थी कि बस ख़राब हुई. मैं कैसे कहता कि नहीं हुई?"

अपर्णाला वाटलं, इथेच थांबावं. एवढं पुरे आहे. पण पुरे नव्हतं, आणि उरलेलं आज सांगितलं नाही तर कधीच सांगणार नाही हे तिला कळत होतं. "मैंने और भी कुछ कहा था. बस में. मैंने कहा कि वहाँ देखने लायक़ कुछ नहीं है. गंदगी है. बदबू आती है."

हे मात्र चाचांना माहीत नव्हतं. त्यांचा पुसणारा हात थांबला. त्यांनी मान वळवून आपल्याच कारखान्याकडे पाहिलं. रंगाची पिंपं, दोरीवरची ओली कापडं, काळा पडलेला मेणाचा टोप. जणू पहिल्यांदाच बघत होते.

आतल्या दारात हाजरा चाची उभ्या होत्या. त्यांनी सगळं ऐकलं होतं.

"आती है बदबू," त्या शांतपणे म्हणाल्या. "रोज़ आती है. उस दिन नहीं थी. तीन दिन धोया था हमने." आणि त्या आत निघून गेल्या.

अपर्णा रडायला लागली. चाचांनी तिला रडू दिलं. नंतर पाण्याचा पेला पुढे केला आणि म्हणाले, "जिसने कहा था, वही बताने आई है. चलो, यह भी ठीक है." माफ केलं, असं मात्र ते म्हणाले नाहीत.

त्याच संध्याकाळी ती सौरभकडे गेली. भैरवगड आणि रोजा वगळायचा असेल तर मी टूर करणार नाही, असं तिने सांगितलं. सौरभने खांदे उडवले. "माझं काय जातं? पण लोक उतरले नाहीत तर मी काय करू?"

पुढची टूर नाशिकच्या लोकांची होती. त्या वेळी तिने माईकवर आधीच सांगितलं, "भैरवगडला माझे गुरू राहतात. त्यांनी मला हे शहर शिकवलं. ज्यांना यायचं असेल त्यांनी उतरा, मी तर उतरणारच." बावीसपैकी सात जण उतरले. बाकीचे बसमध्ये शेंगदाणे खात बसले. चाचांनी त्या सातांना सगळं दाखवलं, दोन बायकांच्या हाताने रुमालावर ठसे मारवून घेतले, थट्टामस्करीही केली. एकीने आतल्या दाराकडे बघून विचारलं, "तुमच्या घरातलं कुणी दिसत नाही?"

"हैं, अंदर काम में हैं," चाचा म्हणाले.

तो हिवाळाभर अपर्णाने अकरा टूर नेल्या. कधी सात जण उतरले, कधी दोन, एकदा सगळेच. पाहुणे रंगाच्या पिंपांभोवती गोळा झाले की ती मागे सरकून आतल्या दाराशी जायची. एकदा तिने हाक मारलीही, "चाची, मैं अपर्णा."

आत भांडी घासल्याचा आवाज येत होता. तो क्षणभर थांबला.

"हाथ साबुन के हैं," चाची आतून म्हणाल्या, आणि आवाज पुन्हा सुरू झाला.

अपर्णा तिथे थोडा वेळ उभी राहिली. मग बाहेर कुणीतरी ठशाचं नाव विचारत होतं, ते सांगायला ती गेली.