साहेबांचा चेहरा

माझी ताई आणि भाऊजी, एकाला झाकावं आणि दुसऱ्याला काढावं. भाऊजी चित्र काढायचे, ताई ते लाकडी ठोकळ्यावर कोरायची आणि छापलेली पोस्टरं गावभर भिंतींवर लागायची. खाली सही नसे. नियम एकच: दोघांना पटल्याशिवाय कागदाला शाई लागणार नाही. साहेबांच्या राजवटीला त्यांनी अशी उभी हयात टोचणी लावली. त्याबद्दल पोलिसांनी ताईच्या उजव्या हाताची बोटं मोडली. ती डाव्या हाताने कोरायला शिकली. सुंभ जळाला तरी पीळ गेला नाही.

मग भाऊजींची आठवण गेली. आधी नावं, मग नाती. टीव्हीवर साहेब बोलायला लागले की भाऊजी मान डोलवायचे! एके दिवशी त्यांनी पेन्सिल घेऊन साहेबांचा चेहरा काढला. एव्हाना धड रेघही न येणाऱ्या हातातून हुबेहूब माणूस उतरला.

"कोरून दे," ते ताईला म्हणाले. "किती मायाळू माणूस आहे."

ताईने टाळलं. त्यांनी जेवण सोडलं, औषधं थुंकून टाकली.

"फाडून टाक तो कागद," मी म्हणाले. "बोटं कोणी मोडली, विसरलीस?"

"मी नाही विसरले. तो विसरलाय. उपाशी मरू देऊ का त्याला?"

मला तिचा संताप आला आणि तिची कीवही आली.

तिने कोरलं. कामात कुचराई करणं तिच्या रक्तातच नाही. एकच प्रत काढली आणि शाई ओली असतानाच त्यांच्यापुढे धरली.

भाऊजी बराच वेळ बघत राहिले. मग कपाळावर आठी पडली, पोस्टर पसंत नसलं की पडायची तीच.

"या माणसाला आमच्या घरात कोणी आणलं?" आवाज पूर्वीचा, करडा. "बाई, तुम्ही कोण ते मला ठाऊक नाही. पण हे आत्ताच्या आत्ता जाळा. माझी बायको येईल एवढ्यात. याच्या माणसांनी तिची बोटं मोडलीत. तिला हे सहन व्हायचं नाही."

ताईने उजवा हात पाठीमागे नेला.

"जाळते," ती म्हणाली. "ती यायच्या आत जाळते. मग दोन घास खाल ना?"

"ती आल्यावर," भाऊजी म्हणाले. "आम्ही बरोबरच जेवतो."