अंजीर सात ग्रॅम

सीमा नखातेने पहिला ट्रे ओव्हनमधून काढला, तेव्हा चोवीस रोलपैकी एकोणिसांची पोटं फुटली होती. आतलं अंजीर बाहेर येऊन ट्रेला चिकटलं होतं आणि कडेला करपून काळं पडलं होतं. चरोद्याच्या रेल्वे क्वार्टरमधलं ते एवढंसं स्वयंपाकघर जळक्या गुळासारख्या वासाने भरून गेलं. मंगळवारची दुपार होती. गुरुवारी बाराच्या आत चोवीस धड रोल हथखोजला पोचवायचे होते.

हथखोजच्या एका बिस्किट कारखान्याला टेस्ट बेकर हवा होता. नवं बिस्किट आधी हाताने करून बघायचं आणि बिघडलं तर का बिघडलं ते सांगायचं, असं ते काम. कारखाना आता इंग्रजी पद्धतीचे अंजीर रोल काढणार होता. ब्रिटनमध्ये चहासोबत खातात तसले, लोणी घातलेल्या मैद्याच्या पारीत अंजिराचा लगदा भरलेले. अर्ज करणाऱ्याने ते घरीच भाजून आणायचे. प्रत्येक नग अठरा ग्रॅम, जोड खालच्या बाजूला, वर चीर नको. जाहिरातीच्या शेवटी आणखी एक ओळ होती : वय पंचेचाळीसच्या आत. सीमाला पंचेचाळीस पुरी व्हायला पंधरा दिवस उरले होते.

नागपूरला तिने बेकरीचा डिप्लोमा केला होता. मग लग्न झालं, नवरा भूषण चरोदा यार्डात रुळांचे सांधे बदलणारा पॉइंट्समन म्हणून लागला आणि ते सर्टिफिकेट कपाटात साड्यांखाली गेलं. वीस वर्षांत तिने चार ठिकाणी अर्ज केले. चारही ठिकाणी विचारलं, अनुभव काय? कॉलनीतल्या अर्ध्या घरांचा दिवाळीचा फराळ तिच्या हातचा असायचा, पण त्याला कोणी अनुभव म्हणायला तयार नव्हतं. हा पाचवा अर्ज. कागदाऐवजी बिस्किट मागणारा पहिलाच. सहावा मिळणार नाही, हे तिला पक्कं ठाऊक होतं.

"मम्मी, किचन में बम फटा क्या?" चरोद्याच्या हिंदी शाळेतून बारावीची परीक्षा देऊन घरी बसलेली उन्नती दारातून डोकावली.

तिच्यामागून आजी आली. अंजनाबाईंनी ट्रेकडे पाहिलं, मग सुनेकडे. "काय वं सीमे, सकाळपासून खपून राहिली आन् हे फुटले कावून?"

"तेच पाहून राहिली, आई."

सीमाने न फुटलेला एक रोल काट्यावर ठेवला. बावीस ग्रॅम. सुरीने उलगडून वेगवेगळं मोजलं. पारी आठ, अंजीर चौदा. जाहिरातीतला अठराचा आकडा तिने तीनदा वाचला होता, पण भरताना मोजलं नव्हतं. हाताला ठाऊक होतं तेवढं हाताने भरलं. आणि तो हात भंडाऱ्याकडचा. तिकडे उंड्याच्या दुप्पट पुरण गेलं नाही, तर पोळी वाढणारीची मान खाली जाते. लग्नानंतरच्या पहिल्या होळीला अंजनाबाईंनी नव्या सुनेची पोळी खिडकीच्या उजेडात धरली होती, पुरण काठापर्यंत गेलं की नाही ते बघायला.

संध्याकाळी तिने प्रत्येक नग तोलून भरला. पारी अकरा, अंजीर सात.

"एवढंसं?" अंजनाबाईंच्याने राहवलं नाही. "याच्यात तर मुंगीचंबी पोट नाही भरत. पाहुण्याले दिलं तर म्हणन, यांच्या घरचे डबे रिकामे दिसते."

"पाहुण्याले नाही द्यायचं. कंपनीले द्यायचं."

"कंपनी का उपाशी राहते?"

सीमाला हसू आलं, पण काट्यावरचा हात हलला नाही. दुसऱ्या ट्रेमधले नऊ फुटले.

बुधवारी सकाळी ती पातेल्यापुढे उभी राहिली. वजन बरोबर होतं, पारी फ्रिजमध्ये गार केली होती, ओव्हनही सांगितलं तेवढाच तापवला होता. मग राहिलं काय? अंजनाबाईंनी पातेल्यात बोट बुडवलं आणि तोंड वाकडं केलं.

"हे तं पातळ आहे. उलथनं उभं राहते का याच्यात?"

त्यांनीच उलथनं रोवलं. ते हळूहळू कलंडलं आणि पातेल्याच्या काठावर जाऊन टेकलं. "पाय. पुरण असं राहिलं तर पोळी लाटताच फुटते. तुले म्या हे शिकवलं नाही का?"

शिकवलं होतं. डिप्लोमाच्या वहीत मात्र 'लगदा दहा मिनिटे शिजवावा' असं होतं आणि सीमाने घड्याळ लावून बरोब्बर दहा मिनिटं शिजवला होता. त्यातलं पाणी ओव्हनमध्ये वाफ होऊन पारी फोडत होतं. तिने पातेलं पुन्हा गॅसवर चढवलं आणि उलथनं सरळ उभं राहीपर्यंत घोटत राहिली. मे महिन्याचं ऊन, पंखा बंद, कारण पंख्याने गॅस विझत होता. तिसऱ्या ट्रेमधले दोनच फुटले, दोन्ही मागच्या ओळीतले.

गुरुवारी सकाळी तिने निम्मा वेळ झाला की ट्रे फिरवून मागची बाजू पुढे करायचं ठरवलं. नेमका फिरवायच्या वेळी सिलिंडरवाला आला. तेवीस नग नितळ निघाले. चोविसाव्यावर केसाएवढी चीर. पावणेअकरा झाले होते आणि लोणी संपलं होतं.

"खालच्या थरात ठेव," अंजनाबाई म्हणाल्या. "कोन पाहते?"

"ते फोडून पाहतीन, आई."

तिने तो एक रोल वेगळ्या कागदात गुंडाळला आणि स्कूटी काढली.

कारखान्यात तपासणीला रेणू गायधने होत्या. सीमापेक्षा दहा-बारा वर्षांनी लहान, डोक्याला जाळी, बोलणं मोजकं. त्यांनी तेवीस नग एकेक करून तोलले, मग पुडी उघडली.

"हा वेगळा का?"

"चीर आहे. ट्रे फिरवायला दोन मिनिटं उशीर झाला. माझा ओव्हन मागून जास्त तापतो."

"चोवीस धड मागितले होते."

"तेवीस झाले. चोविसाव्याचं कारण सांगितलं."

रेणूंनी चिरलेला रोल मोडून आतलं अंजीर बोटांत दाबलं. "सकाळपासून आलेल्यांचं सगळ्यांचं ओलं होतं. हे किती मिनिटं शिजवलं?"

"मिनिटांवर नाही. घट्ट होईपर्यंत. अंजीर किती पाणी प्यालं त्यावर आहे."

"माझ्या फॉर्ममध्ये मिनिटांचा रकाना आहे, ताई. मशीनवरच्या माणसाला 'घट्ट' कसं सांगू?"

प्रश्न रास्त होता. सीमाने क्षणभर विचार केला. "तीन किलो भिजलेलं अंजीर द्या, पातेलं द्या आणि काटा. मोजून सांगते."

"आत्ता?"

"आत्ता."

रेणूंनी मागची खोली उघडून दिली. सीमाने आधी रिकामं पातेलं तोललं. मग एकेका किलोच्या तीन खेपा आटवल्या. घट्ट झालं की उतरवायचं, तोलायचं, लिहायचं. वेळ तिन्ही वेळा वेगळी निघाली. अठ्ठावीस मिनिटं, पस्तीस, एकतीस. उरलेलं वजन मात्र जवळपास तेच. तिने फॉर्मवरचा 'मिनिटे' हा छापील शब्द खोडला आणि लिहिलं : एक किलोचे सातशे चाळीस ग्रॅम उरले की गॅस बंद.

चार वाजले होते. रेणूंनी तीनही आकडे वाचले, खोडलेला शब्द पाहिला आणि शेजारी आपली सही केली. "सोमवारी सकाळी सातला या. पहिली शिफ्ट. आता जा घरी."

सीमा जागची हलली नाही. "तिसऱ्या खेपेचं सातशे बावन्न आलंय, मॅडम. बारा ग्रॅम कुठून आले, तेवढं बघते. एक किलो आणखी मिळेल?"