तोलाची कचेरी

आमचं बेट पाण्यावर तरंगतं. त्यामुळे पूर्वेचं माणूस पश्चिमेला राहायला आलं, की तेवढंच वजन पश्चिमेहून पूर्वेला पाठवावं लागतं; नाहीतर बेट कलतं. आजारी आईला पूर्वेहून माझ्या घरी आणायचं म्हणून मी तोलाच्या कचेरीत पाचव्यांदा उभी होते.

"अर्जात त्रेचाळीस किलो लिहिलंय. आज तिकडच्या काट्यावर आई एकेचाळीस भरली," कारकून म्हणाला. "नवा अर्ज करा, बाई."

"अहो, तुम्ही अर्ज तपासेपर्यंत ती दोन किलो उतरते! ती संपल्यावर मंजुरी देणार का?"

"माझ्यावर कशाला डाफरता? बदली वजन तरी आणलंय का?"

माझं डोकंच फिरलं. त्याच्यामागे नामंजूर अर्जांचे गठ्ठे छताला टेकले होते. मी ते ओढून काट्यावर टाकले. चार गठ्ठ्यांत एकेचाळीस किलो भरले.

"हे पाठवा पूर्वेला."

"कागद कसे चालतील?"

"नियमात वजन म्हटलंय. कशाचं, ते दाखवा."

त्याने नियमांचं पुस्तक दोनदा चाळलं, कपाळावर हात मारला, अर्जातले त्रेचाळीस खोडून एकेचाळीस केले आणि शिक्का उमटवला.

संध्याकाळी आई उंबरठ्यावर टेकली. म्हणाली, "झाली का तुला सवड एकदाची?"