झडपेखालच्या पट्ट्या

मित्रांनो, बिनकामाच्या सामानाला लोक खोगीरभरती म्हणतात. म्हणोत बापडे! मी एक जुने खोगीर आहे आणि माझ्या पोटातली भरती चांगल्या लोकरीची आहे. एका कारागिराने बावीस दिवस बसून मला दुहेरी दोऱ्याने शिवले. तेव्हापासून मी याच तबेल्यात आहे.

इथले बाबा म्हणजे घोड्यांची देखभाल करणारे म्हातारे मोतद्दार. रपेट संपली की ते आधी घोड्याचे बघत, मग माझे, आणि मगच स्वतः चहा पीत. ओल्या फडक्याने घाम पुसायचा, सावलीत वाळवायचे, बोटावर मावेल एवढेच तेल चोळायचे. शेवटी माझी बाजूची चामडी झडप उचलून आतल्या पट्ट्या एकेक करून वाकवून बघायच्या. घोड्याच्या पोटाखालून येणारा तंग याच पट्ट्यांना अडकवतात. त्या तुटल्या की स्वार खाली.

पुढे बाबांचे गुडघे गेले आणि काम लेकीकडे आले. लेक कामाला वाघ, पण भारी घाईची. एकदा मी पावसात चिंब भिजून आले. दुसऱ्याच दिवशी तिची सहा वर्षांची मुलगी पहिल्यांदा घोड्यावर बसणार होती. लेकीने मला शेगडीजवळ वाळत ठेवले. चामडे कडक झाले, तेव्हा वरून भरपूर तेल ओतले. मी आरशासारखे चकाकू लागले. खरे सांगते, मलाही तेव्हा बरे वाटले.

सकाळी नात वर बसली. बाबा काठी टेकत आले.

"पट्ट्या वाकवून बघितल्यास का गं?"

"अहो बाबा, बघा की कसं चकाकतंय!"

"मी काय विचारलं?"

लेक म्हणाली, "नाही बघितल्या."

"उतरव पोरीला."

पोरीने भोकाड पसरले. बाबांनी तंग सोडला, झडप उचलली आणि पट्टी दोन बोटांत वाकवली. ती कडकन मोडली. दुसरीही मोडली. लेक पोरीला उराशी धरून रडली. मला माझ्या चकाकीची लाज वाटली. बाबांनी फडके ओले करून लेकीच्या हातात दिले.

आता माझ्या पट्ट्या नव्या आहेत आणि बाबा नाहीत. ती पोर मोठी होऊन इथे घोडेस्वारी शिकवते. नवा कुणी आला की त्याला आधी माझ्यापाशी उभे करते. म्हणते, "चकाकतंय का ते बघू नकोस. वाकवून बघ."

मित्रांनो, मला सजवू नका. घाम पुसा, सावलीत ठेवा आणि झडपेखाली हात घाला. उद्या माझ्यावर कुणाचे तरी लेकरू बसणार आहे.