भगदाड बघायला पथक

खाडीचा बांध आषाढातल्या उधाणात फुटला आणि खारं पाणी काळूरामच्या भातशेतात शिरलं. रिवाजाप्रमाणे सारा गाव ओहोटीला चिखल घेऊन भगदाड बुजवायला निघाला, तर तलाठ्याने अडवलं.

"केंद्राचा निधी हवाय ना? मग पथक बघून जाईपर्यंत भगदाडाला हात लावायचा नाही. अटच आहे. राज्याचा वाटाही त्यानंतरच."

"तवर दर्या थांबल व्हय?" काळूरामची बायको ठमाबाई म्हणाली. निधीच्या आशेने गाव माघारी फिरला.

पथक आलं ते दिवाळीनंतर. केंद्राचे साहेब म्हणाले, "निधी शेतजमिनीसाठी आहे. ही तर खाडी." राज्याच्या साहेबांनीही मान डोलावली. दोन्ही सरकारांचं प्रथमच एकमत झालं.

कमरेएवढ्या पाण्यातून काळूराम ओरडला, "मी माझे शेतान उभा हाय, सायेब!"

"बाहेर या, काका," साहेब मायेने म्हणाले, "भरती येतेय."