सहावे फूल

दारात दिग्दर्शक काल्चेव्ह उभा होता, हातात कार्नेशनची सहा पांढरी फुले घेऊन. आणि दार उघडणाऱ्या स्पिरिदोन ग्रंचारोव्हच्या पायांत सपाता होत्या, हातात चिमटा, चिमट्यात भाजलेली लाल मिरची. तिची वाफ तेवढी त्या जिन्यावर हलत होती.

स्पिरिदोनने फुले मोजली. सम. जिवंत माणसाला कोणी सम फुले देत नाही; ती मेलेल्यांसाठी.

मग त्याला उलगडा झाला. मागच्या आठवड्यात बेकरीच्या गल्लीत भल्या पहाटे एक चित्रीकरण झाले होते. त्यात त्याची भूमिका म्हणजे नुसते छायाचित्र, झाडांवर चिकटवलेल्या निधनपत्रकांवरचे. बत्तीस वर्षांत तो एकेचाळीस चित्रपटांत मेला होता. पुलावरून पडून, गवताच्या गंजीत गोळी खाऊन, एकदा तर सुरुवातीची श्रेयनामावली संपण्याआधीच. या खेपेस मरण्याचे श्रमही त्याच्याकडून काढून घेतले गेले. मंडळी निघून गेली, पत्रके झाडांवरच राहिली.

आणि काल्चेव्हच्या नव्या चित्रपटात एक म्हातारा मधपाळ होता. शेवटच्या दृश्यात तो अंगणात बसून कलिंगड खातो आणि पडदा काळा होईपर्यंत जिवंत राहतो. त्या भूमिकेसाठी, त्या कलिंगडासाठी, स्पिरिदोन सहा महिने शेजारच्या टेलिफोनकडे कान लावून होता.

"मी गेलो, हे कुणी सांगितलं तुम्हाला?"

"सोमवारी मी फोन केला होता, भूमिकेचं विचारायला. तुमच्या शेजारणीनं सांगितलं."

शेजारचे दार बोटभर उघडेच होते. ते आता सताड उघडले.

"मग काय सांगणार?" देस्पा मावशी कडाडली. "झाडावर तुझा फोटो! रडले, मेलेल्याच्या नावानं शिजवतात तो गहू शिजवला, अख्ख्या इमारतीत वाटला!"

"मावशी, फोटोखाली नाव दुसऱ्याचं होतं!"

"पडद्यावर तुझं नाव कधी धड आलंय रे? म्हटलं, मेल्यावरही तेच नशीब. आणि रविवारपासून होतास कुठे?"

"गावी! मिरच्या आणायला!"

"सकाळी वास आला तेव्हा वाटलं, तुझा भाचा आला घर बळकावायला."

काल्चेव्ह खाकरला. "स्टुडिओत आम्ही दोन मिनिटं उभे राहिलो, कॉम्रेड ग्रंचारोव्ह. मीच बोललो. यांच्या मरणात कधी खोटेपणा नव्हता, असं म्हणालो."

आयुष्यातली पहिली स्तुती स्पिरिदोनच्या छातीत क्षणभर ऊन होऊन पसरली, आणि पुढच्याच क्षणी तिथे गारठा भरला. इतके चांगले कुणाबद्दल कधी बोलतात, हे त्याला ठाऊक होते.

त्याने चिमटा मिरचीसकट मावशीच्या हातात कोंबला. फुले घेतली, त्यातले एक उपसले आणि काल्चेव्हच्या हाती परत ठेवले.

"ही पाच राहिली. म्हणजे मी जिवंत. आता सांगा, मधपाळ कोण करतंय?"

काल्चेव्हने त्या एकट्या फुलाकडे पाहिले, मग आपल्या बुटांकडे.

"अरे, बोल की बाबा!" मावशी म्हणाली.

काल्चेव्हने टोपी डोक्यावर ठेवली आणि फूल छातीशी धरून, एकेक पायरी मोजावी तसा, तो जिना उतरत गेला.